देवडीवर कोणी नाही

सीसीटीव्ही बसवून होतो, वायरी केसिंगमध्ये जातात, ड्रिलची भुकटी झाडून होते, आणि मालक एकच प्रश्न विचारतो: "मोबाइलवर दिसेल ना?" दुकान असो, दवाखाना असो, की मुलगी अमेरिकेत आणि आई-वडील सांगलीत असं घर असो, प्रश्न हाच. बसवणारा म्हणतो, "दिसेल की, दोन मिनिटं द्या."

जगभर उघडे पडलेले बहुतेक कॅमेरे याच दोन मिनिटांत उघडे पडतात. नंतर बातमी येते तेव्हा "कॅमेरा हॅक झाला" असं छापून येतं. या शब्दामुळे कुणीतरी मोठा जादूगार रात्रभर संगणकासमोर बसला असेल असं वाटतं, आणि जादूगारापुढे आपण काय करणार, असं म्हणून मालक मोकळा होतो. प्रत्यक्षात बहुतेक वेळा काहीही तोडलेलं नसतं. दार उघडं असतं, आणि ते कुणी, कधी, कशासाठी उघडलं हे घरातल्या एकालाही ठाऊक नसतं.

जुना वाडा ज्यांनी आतून पाहिला आहे त्यांना घरातलं इंटरनेट समजायला फार वेळ लागत नाही. मोठा दरवाजा, त्याला लागून देवडी, देवडीत बसलेला पहारेकरी. घरचं माणूस बाहेर जाऊन परत आलं तर तो उठतही नाही. अनोळखी माणूस आला तर तिथेच थांबवून विचारतो, "कोण हवंय?" घरातला राउटर हेच करतो. आतल्या फोननं बाहेर काही मागितलं की त्याचं उत्तर तो आत येऊ देतो; न बोलावता आलेलं मात्र दारातच टाकून देतो. त्यात त्याचं शहाणपण नाही. एकाच सार्वजनिक पत्त्यामागे टीव्ही, फोन, लॅपटॉप, डीव्हीआर (कॅमेऱ्यांचं चित्रण साठवणारं खोकं) अशी दहा उपकरणं असतात आणि आगंतुकाला यातल्या कुणाकडे पाठवायचं हेच त्याला कळत नाही. पण घर त्यामुळे झाकलेलं राहतं.

पोर्ट फॉरवर्डिंग म्हणजे या देवडीवाल्याला दिलेला कायमचा हुकूम: "८००० नंबर सांगत जो कुणी येईल, त्याला नाव न विचारता थेट माजघरात सोड." हिकव्हिजन या चिनी कॅमेरा कंपनीच्या यंत्रांचा हा नंबर ८००० असतो, दहुआ या दुसऱ्या चिनी कंपनीच्या यंत्रांचा ३७७७७, आणि वेगवेगळ्या नावांनी विकल्या जाणाऱ्या बऱ्याच स्वस्त डीव्हीआरचा ३४५६७. ब्राउझरमध्ये उघडणारं पान ८० वर, थेट चित्राचा प्रवाह ५५४ वर. बसवणाऱ्यानं राउटरमध्ये हे आकडे भरले की मालकाला गोव्यातून दुकान दिसतं, आणि तितकंच सहज ते कुणालाही कुठूनही दिसू शकतं. कधी त्याला आकडे भरायचा कंटाळा येतो, मग तो डीव्हीआरचा पत्ता राउटरच्या डीएमझेड या रकान्यात टाकतो. त्याचा अर्थ असा की, देवडीवाल्यानं आता कुठलाच नंबर विचारायचा नाही, जो येईल त्याला आत सोडायचं. आणि यूपीएनपी चालू असेल तर बसवणाऱ्याला काहीच करावं लागत नाही. डीव्हीआर स्वतःच राउटरला सांगून आपल्यासाठी दार उघडून घेतो. मला या तिघांत यूपीएनपीचीच भीती जास्त वाटते. बाकीच्या दोन गोष्टी निदान एखाद्या माणसानं केलेल्या असतात, त्यामुळे त्या कुणाच्या तरी आठवणीत असतात.

"पण माझ्या घराचा पत्ता कुणाला माहीत आहे?" असं यावर हमखास विचारलं जातं. पत्ता माहीत असण्याची गरजच नसते. आयपीव्ही४ या जुन्या पद्धतीत साऱ्या जगाचे मिळून सुमारे ४३० कोटी पत्ते आहेत. २०१३ साली मिशिगन विद्यापीठातल्या संशोधकांनी झेडमॅप नावाचं साधन बांधलं आणि एक साधा संगणक व गिगाबिटची जोडणी एवढ्यावर हे सगळे पत्ते ४५ मिनिटांच्या आत तपासता येतात हे दाखवून दिलं. जगातल्या प्रत्येक दारावर टकटक करून यायला पाऊण तास लागतो. त्याआधीच, २००९ मध्ये, जॉन मॅथर्ली यांनी शोडान सुरू केलं होतं. गुगल पानं शोधतं, शोडान उपकरणं शोधतं: कुठल्या पत्त्यावर कुठला नंबर उघडा आहे, तिथे कुठल्या कंपनीचं यंत्र बोलतं, कुठल्या शहरात. संशोधकांना ते उपयोगी आहे आणि आपल्यालाही आहे, त्याचा उल्लेख पुढे येईलच. पण २०१४ च्या नोव्हेंबरमध्ये जे संकेतस्थळ जगभर गाजलं त्याचा हेतू वेगळा होता. इन्सिकॅम असं त्याचं नाव. कारखान्यातून आलेला पासवर्ड कधीच न बदललेल्या सुमारे ७३,००० कॅमेऱ्यांची थेट चित्रं त्यानं देशवार लावून ठेवली होती. पाळणे, गल्ले, गोदामं, जिमखाने. ब्रिटनच्या माहिती आयुक्तांच्या कार्यालयानं तेव्हा लोकांना जाहीर इशारा दिला, आणि त्यात करायला सांगितलेली पहिली गोष्ट हीच होती: पासवर्ड बदला.

हे परदेशात घडतं असं म्हणायला आता जागा उरलेली नाही. फेब्रुवारी २०२५ मध्ये राजकोटमधल्या एका प्रसूती रुग्णालयातली चित्रफीत यूट्यूब आणि टेलिग्रामवर विकली जात असल्याचं उघड झालं. इंजेक्शन घेणाऱ्या, तपासणीसाठी आलेल्या बायका त्यात होत्या. अहमदाबादच्या सायबर पोलिसांनी तपास केला, आणि अटक झालेल्यांत लातूर व सांगलीकडचेही तरुण निघाले. रुग्णालयाच्या यंत्रणेचा पासवर्ड 'अ‍ॅडमिन१२३' असल्याचं पुढे बातम्यांत आलं. त्याच टोळीकडे देशभरातल्या इतरही अनेक ठिकाणचं चित्रण सापडलं.

या प्रकरणात कॅमेरा कुणाचा होता? रुग्णालयाचा. पासवर्ड कुणाचा? रुग्णालयाचा, किंवा बसवणाऱ्याचा. नुकसान कुणाचं झालं? जिनं तो कॅमेरा निवडला नव्हता, विकत घेतला नव्हता, ज्याचा पासवर्ड तिला ठाऊक असण्याचं काही कारण नव्हतं, त्या बाईचं. दारावर 'सावधान, आपण सीसीटीव्हीच्या नजरेखाली आहात' अशी पाटी बहुतेक सगळीकडे असते. ती पाटी चोराला उद्देशून लिहिलेली असते. ती वाचणारे शंभरातले शंभर लोक चोर नसतात; ते रुग्ण असतात, गिऱ्हाइकं असतात, शिकवणीला आलेली मुलं असतात, भांडी घासायला येणाऱ्या मावशी असतात. नजर कुणाची, हे त्या पाटीवर लिहिलेलं नसतं. उघड्या कॅमेऱ्याबद्दल बोलताना आपण मालकाच्या धोक्याबद्दलच बोलत राहतो. मला वाटतं, सुरुवात दुसऱ्या टोकाकडून व्हायला हवी.

चित्रातून किती कळतं याचा अंदाज मालकाला बहुधा नसतो. एका कोपऱ्यात तारीख-वेळ, दुसऱ्या कोपऱ्यात बसवणाऱ्यानं दिलेलं नाव: 'गल्ला', 'बेडरूम पॅसेज', 'ओपीडी २'. पत्त्यावरून शहर कळतं. खिडकीतून समोरच्या दुकानाची पाटी दिसली की गल्ली कळते. आठवडाभर पाहिलं की घर कधी रिकामं असतं, शटर कोण उघडतं, रोकड कधी मोजली जाते हे कळतं. त्यात माइक चालू असेल तर वेगळं काही पाहावंही लागत नाही. डॉक्टरच्या केबिनबाहेरच्या कॅमेऱ्याचा माइक चालू असणं ही मला चित्रापेक्षाही मोठी आगळीक वाटते, आणि माइक बंद करणारी खूण यंत्राच्या मेनूत एवढी आत असते की ती कुणी शोधतच नाही.

कीव शहरात २ जानेवारी २०२४ रोजी रशियानं क्षेपणास्त्रांचा मारा केला, तेव्हाची गोष्ट यापुढची आहे. युक्रेनच्या सुरक्षा सेवेनं जाहीर केलं की रहिवासी इमारतींवरचे दोन कॅमेरे रशियाच्या हेरांनी ताब्यात घेतले होते. एक सज्जात होता, रहिवाशांनी आजूबाजूवर लक्ष ठेवायला लावलेला. त्याचा कोन फिरवून चित्र थेट यूट्यूबला जोडलं गेलं. दुसरा गाड्या लावायच्या जागेवर होता. शहराची हवाई संरक्षण व्यवस्था कुठून मारा करते हे त्यातून पाहिलं गेलं. आक्रमण सुरू झाल्यापासून अशा सुमारे १०,००० कॅमेऱ्यांची जोडणी बंद करावी लागल्याचं याच सेवेनं सांगितलं. गाड्या सांभाळायला लावलेला कॅमेरा. लावणाऱ्यानं एवढ्या दूरचा विचार का म्हणून करावा? तो त्यानं केला नाही म्हणून मी त्याला दोष देणार नाही.

सगळा दोष मालकावर टाकता येत नाही याची आणखीही कारणं आहेत. अमेरिकेतल्या ट्रेंडनेट या कंपनीचे कॅमेरे 'सुरक्षित' म्हणून विकले जात होते. मालकांनी पासवर्ड लावले होते. पण आज्ञावलीतल्या चुकीमुळे पत्ता ठाऊक असलेल्याला पासवर्ड न विचारताच चित्र मिळत होतं. जानेवारी २०१२ मध्ये ते कुणाच्या तरी लक्षात आलं आणि जवळजवळ ७०० कॅमेऱ्यांचे दुवे जाळ्यावर फिरू लागले. पाळण्यात झोपलेली बाळं त्यात होती. सप्टेंबर २०१३ मध्ये अमेरिकेच्या संघीय व्यापार आयोगानं कंपनीवर कारवाई केली. २०१७ मध्ये हिकव्हिजनच्या अनेक कॅमेऱ्यांत तसंच आढळलं: पत्त्याच्या शेवटी एक ठरावीक अक्षरांची ओळ जोडली की यंत्र पासवर्ड न मागता चित्रही देई आणि वापरकर्त्यांची यादीही. सप्टेंबर २०२१ मध्ये त्याच कंपनीच्या कॅमेऱ्यांतली आणखी एक त्रुटी जाहीर झाली. तिची तीव्रता १० पैकी ९.८ धरली गेली, कारण कुठलंही नाव वा पासवर्ड न देता बाहेरच्याला यंत्रावर पूर्ण ताबा मिळत होता. दोन्ही वेळा कंपनीनं दुरुस्त फर्मवेअर, म्हणजे यंत्रात मुळातच भरलेली आज्ञावली, दिलं. पण भिंतीवर चढवलेल्या कॅमेऱ्याचं फर्मवेअर कोण बदलतं? बसवणाऱ्याचे पैसे देऊन झालेले असतात, मालकाला फर्मवेअर हा शब्दच ठाऊक नसतो, आणि यंत्र 'चालू आहे' म्हणून कुणी हात लावत नाही. पाच-सहा वर्षं जुना डीव्हीआर उघडा सोडलेला असेल, तर पासवर्ड कितीही लांब असला तरी माझा त्याच्यावर विश्वास नाही.

उघडा कॅमेरा नुसता पाहण्यासाठीच वापरतात असंही नाही. कॅमेरा म्हणजे भिंग लावलेला छोटा लिनक्स संगणक, तो अहोरात्र चालू असतो आणि त्याच्यासमोर कुणी बसलेलं नसतं. २०१६ मध्ये मिराई नावाच्या घातक आज्ञावलीनं नेमका याचा फायदा घेतला. तिच्याकडे कारखान्यातल्या नाव-पासवर्डच्या साठेक जोड्यांची यादी होती. ती टेलनेटचं, म्हणजे दुरून यंत्राला आज्ञा द्यायच्या जुन्या सोयीचं, दार वाजवायची आणि एकेक जोडी लावून पाहायची. एवढ्या भांडवलावर लाखभराहून जास्त कॅमेरे, डीव्हीआर आणि राउटर तिच्या हाती आले. २१ ऑक्टोबर २०१६ रोजी याच सैन्यानं संकेतस्थळांचे पत्ते सांगणाऱ्या डाइन या कंपनीवर हल्ला केला, आणि अमेरिकेत ट्विटर, नेटफ्लिक्स, रेडिट काही तास उघडेनात. त्यातल्या बऱ्याच यंत्रांत शिओंगमाई या चिनी कंपनीचे सुटे भाग होते, आणि त्यांचा टेलनेटचा पासवर्ड कारखान्यातच कोरलेला होता. मालकानं पानावरचा पासवर्ड बदलला तरी टेलनेटचा तोच राहत होता. मिराई यंत्राच्या तात्पुरत्या स्मृतीतच राहते. वीज घालवून परत आणली की ती पुसली जाते. दार तसंच उघडं राहिलं तर मात्र काही मिनिटांत परत येते. "बंद करून चालू केलं, आता नीट आहे" हे आपल्याकडचं सर्वमान्य औषध इथे एवढ्यापुरतंच चालतं.

अलीकडचे कॅमेरे दार न उघडता चालतात. डब्यावरचा क्यूआर कोड फोननं वाचायचा आणि चित्र हजर. यात कॅमेरा आतून बाहेर जाऊन कंपनीच्या सर्व्हरशी बोलत राहतो, फोनही त्याच सर्व्हरला गाठतो, आणि देवडीवाल्याला कुठलाही हुकूम द्यावा लागत नाही. पोर्ट फॉरवर्डिंगपेक्षा हे पुष्कळ बरं, यात वाद नाही. पण इथे भरवसा देवडीवरून उचलून दूरच्या एका कचेरीवर ठेवलेला असतो. २०१८ मध्ये संशोधकांनी दाखवलं की शिओंगमाईच्या यंत्रांचा क्लाउड-क्रमांक यंत्राच्या मॅक पत्त्यावरून, म्हणजे कारखान्यात क्रमानं दिलेल्या ओळख-क्रमांकावरून, बनवलेला होता, म्हणजे तो अंदाजानं काढता येत होता. सुमारे ९० लाख यंत्रं अशी एकामागून एक हुडकता आली असती. फेब्रुवारी २०२४ मध्ये वाइझ या कंपनीच्या सुमारे १३,००० ग्राहकांना ॲप उघडल्यावर दुसऱ्यांच्या घरातली छोटी चित्रं दिसली. बाहेरच्या कुणी काही केलेलं नव्हतं. सर्व्हर बंद पडून परत येताना कंपनीच्याच यंत्रणेत खाती एकमेकांत मिसळली होती.

क्लाउडच्या बाबतीत आपल्याकडचा खरा धोका याहून साधा आहे. बसवणारा घाईत असतो, मालकाला ॲपवर खातं काढायचा कंटाळा असतो. मग बसवणारा स्वतःच्या फोनवरच्या स्वतःच्या खात्यात डीव्हीआर जोडतो आणि तिथून मालकाला 'शेअर' करून देतो. बहुतेक ॲपमध्ये एक यंत्र एकाच मुख्य खात्याला बांधता येतं. परिणामी आपल्याच घराच्या कॅमेऱ्यात मालक पाहुणा ठरतो आणि यजमान असतो तो बसवणारा, किंवा त्याच्याकडून काम सोडून गेलेला पोरगा. यात बहुतेकांचा हेतू वाईट नसतो, सेवा द्यायला सोपं पडतं म्हणून करतात. पण त्या फोनवर अशी शंभर-दोनशे घरं असतात, आणि तो फोन हरवू शकतो, विकला जाऊ शकतो. आज एवढी एकच गोष्ट तपासायची असेल तर ही तपासा: ॲपमध्ये यंत्राच्या नावाखाली 'शेअर केलेले' किंवा 'कुणाकडून आलेले' असं दिसतं का. दिसलं तर बसवणाऱ्याला बोलावून यंत्र त्याच्या खात्यातून सोडवून घ्या, आपल्या ईमेलवरच्या खात्यात जोडा, आणि यंत्राचा पासवर्ड तसंच चित्र उलगडणारा पडताळणी कोड दोन्ही बदला. कोड न बदलता नुसतं खातं बदललं तर काम अर्धवट राहतं. ॲपमध्ये दोन टप्प्यांची ओळख असेल तर ती चालू करा.

मग देवडीकडे वळायचं. राउटरच्या मागच्या किंवा तळाच्या स्टिकरवर त्याचा पत्ता असतो, बहुधा १९२.१६८.१.१ किंवा १९२.१६८.०.१. तिथे आत गेल्यावर 'डब्ल्यूएएन' या नावाखाली जो आयपी दिसतो तो लिहून घ्या. मग कुठल्याही 'माझा आयपी काय' सांगणाऱ्या पानावर दिसणारा आकडा त्याच्याशी ताडून पाहा. दोन्ही जुळत नसतील, राउटरमधला आकडा १०० नं सुरू होत असेल आणि दुसरा भाग ६४ ते १२७ च्या दरम्यान असेल, तर इंटरनेट कंपनीनं अनेक ग्राहकांना एकाच सार्वजनिक पत्त्यामागे ठेवलेलं आहे. तिथे पोर्ट फॉरवर्डिंग मुळात चालतच नाही. आपल्याकडच्या बऱ्याच फायबर जोडण्या अशाच असतात. तेवढ्यानं निश्चिंत मात्र होऊ नये, कारण आयपीव्ही६ या नव्या पद्धतीत प्रत्येक यंत्राला स्वतंत्र सार्वजनिक पत्ता मिळू शकतो. तिथे सगळी भिस्त राउटरच्या आयपीव्ही६ फायरवॉलवर असते. ती चालू आहे हे डोळ्यांनी पाहा.

त्यानंतर राउटरमधलं यूपीएनपी बंद करा. डीव्हीआरच्या नेटवर्क मेनूतही ते वेगळं असतं, तिथेही बंद करा. पोर्ट फॉरवर्डिंगच्या यादीतल्या ज्या नोंदींचा अर्थ सांगता येत नाही त्या काढून टाका, डीएमझेड रिकामं करा, राउटर बंद-चालू करा आणि यादी पुन्हा उघडा, कारण काही राउटर जुन्या यूपीएनपी नोंदी लगेच सोडत नाहीत. आता बाहेरून पाहायचं. फोनचं वायफाय बंद करून मोबाइल डेटावरून ब्राउझरमध्ये आपला सार्वजनिक आयपी टाका, मग त्याच्यापुढे कोलन (:) देऊन ८०८० जोडून पाहा. डीव्हीआरचं पान आलं तर दार अजून उघडं आहे. ८०००, ५५४, ३७७७७ आणि ३४५६७ ब्राउझरला दिसत नाहीत, त्यांच्यासाठी बाहेरून पोर्ट तपासणारं साधन लागतं. शोडानवर स्वतःचा आयपी शोधला तरी मागच्या काही दिवसांत काय उघडं दिसलं ते कळतं. हे फक्त आपल्या पत्त्यावर करायचं. दुसऱ्याच्या कॅमेऱ्याचं पान समोर आलं म्हणून तिथे 'अ‍ॅडमिन' टाकून पाहणं हा माहिती तंत्रज्ञान कायद्याच्या ४३ आणि ६६ कलमांखाली गुन्हा ठरू शकतो, पासवर्ड कितीही सोपा असला तरी.

पासवर्डविषयी एक व्यवहारातली अडचण आहे, ती सांगितल्याशिवाय सल्ला अपुरा राहील. थेट चित्राच्या आरटीएसपी दुव्यात नाव आणि पासवर्ड पत्त्यातच लिहिले जातात. पासवर्डमध्ये 'ॲट'चं चिन्ह किंवा कोलन असेल तर दुवा तिथेच तुटतो, चित्र येत नाही, आणि बसवणारा वैतागून परत 'अ‍ॅडमिन१२३'कडे येतो. यावर उपाय लांबीचा आहे. चिन्हं टाळा, अक्षरं आणि आकडे मिळून १४-१५ ठेवा. पण आधी यंत्र किती अक्षरं घेतं ते पाहा, जुनी बरीच यंत्रं १६ च्या पुढे जात नाहीत. रोज पाहण्यासाठी फक्त बघण्याचा अधिकार असलेलं वेगळं खातं करा, अ‍ॅडमिनचा पासवर्ड कागदावर लिहून कपाटात ठेवा. जुन्या दहुआ यंत्रांत ८८८८८८ आणि ६६६६६६ अशी दोन तयार खाती असतात, ती काढा किंवा बंद करा. ओएनव्हीआयएफसाठी, म्हणजे वेगवेगळ्या कंपन्यांची यंत्रं एकमेकांना जोडण्याच्या पद्धतीसाठी, बऱ्याच कॅमेऱ्यांत खातं निराळं असतं; मुख्य पासवर्ड बदलला म्हणून ते बदलत नाही.

दूरवरून पाहायची खरोखर गरज नसेल, तर माझा सर्वांत आवडता उपाय फुकटचा आहे. डीव्हीआरच्या नेटवर्क मेनूत 'गेटवे' आणि 'डीएनएस' हे दोन रकाने असतात. डीएचसीपी, म्हणजे पत्ता आपोआप मिळवण्याची सोय, बंद करून पत्ता स्थिर द्या आणि हे दोन्ही रकाने रिकामे सोडा. यंत्र रिकामं घेत नसेल तर गेटवेला घरात न वापरलेला पत्ता द्या. आता यंत्राला बाहेरची वाटच ठाऊक नाही. घरातल्या वायफायवर चित्र दिसतं, रेकॉर्डिंग चालतं, बाहेर काही जात नाही. यातला एकच तोटा म्हणजे घड्याळ: ते इंटरनेटवरून जुळत नाही, महिन्या-दोन महिन्यांनी हातानं लावावं लागतं, नाहीतर पोलिसांनी चित्रण मागितल्यावर वेळेचा घोळ होतो.

दूरवरून पाहायचं असेल आणि कंपनीच्या क्लाउडवर विसंबायचं नसेल, तर वायरगार्डचा व्हीपीएन, म्हणजे बाहेरून घरच्या नेटवर्कमध्ये येणारा कुलूपबंद बोगदा, घरातच उभारता येतो. तो राउटरमध्ये असतो, नसला तर रास्पबेरी पायसारख्या छोट्या संगणकावर चालतो. त्यासाठी यूडीपीचं एकच दार, बहुधा ५१८२०, उघडावं लागतं; पण योग्य किल्ली नसलेल्याला वायरगार्ड उत्तरच देत नाही, त्यामुळे टकटक करत फिरणाऱ्याला तिथे काही आहे हेही कळत नाही. वर सांगितल्याप्रमाणे डीव्हीआरचा गेटवे काढलेला असेल तर व्हीपीएनमधून चित्र येणार नाही, कारण उत्तर कुठे पाठवायचं हे यंत्राला कळत नाही. व्हीपीएनच्या यंत्रावर पत्त्यांची अदलाबदल, म्हणजे मास्करेडिंग, चालू केलं की डीव्हीआरला ती मागणी घरातूनच आल्यासारखी दिसते आणि अडचण सुटते. इंटरनेट कंपनीनं सामायिक पत्त्यामागे ठेवलं असेल तर नुसता वायरगार्ड बाहेरून गाठता येत नाही. तिथे दोन्ही टोकं स्वतःच्या सर्व्हरच्या मदतीनं जोडून देणारी टेलस्केलसारखी सेवा उपयोगी पडते. क्लाउडवर चालणारे वायफाय कॅमेरे असतील तर त्यांना राउटरच्या पाहुण्यांसाठीच्या वायफायवर ठेवा, म्हणजे ते घरातल्या संगणकांपासून वेगळे राहतात. मार्च २०२५ मध्ये उघड झालेल्या एका प्रकरणात अकिरा या खंडणीखोर टोळीला कंपनीतल्या संगणकांवर सुरक्षा आज्ञावलीनं अडवलं, तेव्हा तिनं त्याच नेटवर्कवरचा एक वेबकॅम धरला आणि त्याच्यावरून साऱ्या फायली कुलूपबंद केल्या. कॅमेऱ्यावर कुणी सुरक्षा आज्ञावली बसवत नाही, बसवताही येत नाही.

नवी यंत्रं घेताना आता थोडा आधार आहे. केंद्र सरकारनं ९ एप्रिल २०२४ रोजी सीसीटीव्हीसाठी सुरक्षेच्या अटी अधिसूचित केल्या, आणि मुदतवाढ होऊन ९ एप्रिल २०२५ पासून त्या लागू झाल्या. मान्य प्रयोगशाळेत तपासणी झालेलं मॉडेल असल्याशिवाय विक्री करता येत नाही. ब्रिटननं २९ एप्रिल २०२४ पासून सगळ्या डब्यांत एकच पासवर्ड घालून पाठवण्यावर बंदी आणली. दोन्ही पावलं योग्य आहेत. पण भिंतीवर आधीच लागलेल्या कॅमेऱ्यांना ती लागू होत नाहीत, आणि आपल्या आसपासचे बहुतेक कॅमेरे तेच आहेत.

कमी साठवणं हाही संरक्षणाचा भाग आहे. २ मेगापिक्सलचा कॅमेरा सेकंदाला २ मेगाबिट लिहीत असेल तर दिवसाला सुमारे २१.६ जीबी होतात. चार कॅमेऱ्यांचे ८६ जीबी. १ टीबीच्या डिस्कवर साडेअकरा दिवस मावतात. दुकानाला, सोसायटीला तेवढे बहुधा पुरतात. "बघू, असू दे" म्हणून ४ टीबीची डिस्क घातली तर दीड महिन्याचं लोकांचं येणं-जाणं एका खोक्यात पडून राहतं. जुना डीव्हीआर भंगारात देताना तळाचे चार स्क्रू काढून डिस्क बाहेर काढा. मेनूतलं 'फॉरमॅट' बहुतेक यंत्रांत फक्त अनुक्रमणिका पुसतं, चित्रण पुसत नाही. डिस्क संगणकाला जोडून पूर्ण अधिलेखन करा, नाहीतर तबकड्यांतून ड्रिल आरपार न्या.

कुणाचं चित्रण बाहेर गेल्याचं कळलं, तर पहिला फोन १९३० ला. राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर महिला आणि मुलांविषयीच्या तक्रारींचा स्वतंत्र विभाग आहे आणि तिथे नाव न देताही तक्रार करता येते. फीत जिथे दिसली तिथला दुवा आणि वेळ टिपून ठेवा. ती फीत खात्रीसाठी म्हणूनही कुणाला पुढे पाठवू नका. माहिती तंत्रज्ञान कायद्याचं ६६ई कलम संमतीशिवाय खाजगी अंगाचं चित्र घेणं, प्रसिद्ध करणं आणि पुढे पाठवणं या तिन्हींना लागू होतं: तीन वर्षांपर्यंत कैद किंवा दोन लाखांपर्यंत दंड, किंवा दोन्ही. मालकानं यंत्राची वीज तोडू नये, फक्त इंटरनेटची वायर काढावी. कुणी कधी आत आलं याची नोंद बऱ्याच यंत्रांच्या लॉगमध्ये असते आणि फॅक्टरी रीसेट केल्यावर ती जाते.

तपासणीच्या, इंजेक्शनच्या, कपडे बदलायच्या, बाळाला दूध पाजायच्या खोलीत कॅमेरा असूच नये. औषधांची चोरी होते हे त्याचं कारण असेल तर कॅमेरा कपाटाकडे तोंड करून, कपाटापुरताच लावा. उरलेला भाग कॅमेऱ्याच्या मेनूतल्या प्रायव्हसी मास्कनं झाका. कॅमेऱ्यानंच लावलेला तो काळा चौकोन रेकॉर्डिंगमध्येही काळाच राहतो, मागून कुणाला तो उचलता येत नाही. ॲपमधून लावलेला मात्र कधीकधी फक्त पडद्यापुरता असतो; लावल्यावर रेकॉर्डिंग उघडून खात्री करा. आणि दारावरची पाटी बदला. सावधान वगैरे नको. एका कागदावर मोठ्या अक्षरांत एवढं पुरे: "इथे चार कॅमेरे आहेत: दार, काउंटर, जिना, औषधांचं कपाट. आवाज रेकॉर्ड होत नाही. चित्रण दहा दिवस राहतं. ते दोन माणसं पाहू शकतात, त्यांची नावं खाली आहेत. आतल्या खोल्यांत कॅमेरा नाही. विचारलंत तर दाखवू."